चौदाशे वीसची सुगी

काही वर्षांपूर्वी आमच्या दिवाळी अंकातल्या एका कथेची नायिका लक्ष्मीपूजनाच्या रात्री गच्चीवर उभी राहून पूर्ण चंद्राकडे बघत होती. लेखकाला ते खटकलं नाही, मुद्रितशोधनात सुटलं, माझ्याही नजरेतून निसटलं. अंक बाजारात गेला आणि आठवड्याच्या आत एका वाचकाचं कार्ड आलं: ‘आपल्या लेखकाच्या गावी अवसेला चंद्र उगवतो असं दिसतं. आमच्याकडे भारनियमन आहे, चार दिवस इकडे पाठवावा.’ ते कार्ड अजून माझ्या टेबलाच्या काचेखाली आहे.

यंदाचा अंक कल्पित जगांचा करायचं ठरलं तेव्हा आधी ते कार्ड आठवलं, आणि त्यापाठोपाठ टॉल्किन. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ लिहिताना, १९४४ च्या मे महिन्यात, ऑक्सफर्डच्या या प्राध्यापकांच्या लक्षात आलं की आपला चंद्र भलतंच करतोय. कथेतली मंडळी वेगवेगळ्या वाटांनी गेलेली, आणि हा एका मुलखात उगवतोय तर त्याच घटकेला दुसरीकडे मावळतोय. मुलगा क्रिस्टोफर तेव्हा हवाई दलाच्या प्रशिक्षणासाठी दक्षिण आफ्रिकेत होता. त्याला लिहिलेल्या पत्रात ही तक्रार आहे. मागची प्रकरणं दुरुस्त करण्यात सगळी दुपार गेली म्हणे. बाहेर महायुद्ध, मुलगा परदेशी, आणि हे गृहस्थ नसलेल्या मुलखाच्या तिथी जुळवत बसलेले. कार्डवाल्या वाचकाशी त्यांचं छान जमलं असतं.

त्या जगात तिसऱ्या युगाचं ३०१९ वं वर्ष मोठ्या उलथापालथीचं. २५ मार्चला दुष्ट सॉरॉनची अंगठी आगीत पडते, त्याची सत्ता कोसळते, गॉन्डॉरच्या राज्याला राजा मिळतो आणि पुढे तिथला वर्षारंभच त्या तारखेवर नेला जातो. (इंग्लंडातही १७५२ पूर्वी सरकारी वर्ष २५ मार्चलाच सुरू होई.) लढाया आणि राज्याभिषेक सिनेमांनी दाखवून झाले आहेत. माझी नजर जाते ती पुढच्या वर्षाकडे, तेही हॉबिटांच्या हिशेबानं.

हॉबिट म्हणजे बुटकी, शेतीवाडी करणारी, जमलं तर दिवसातून सहा वेळा जेवणारी मंडळी. शायर हा त्यांचा मुलूख. त्यांचे बाराही महिने ३० दिवसांचे. उरलेले पाच दिवस कुठल्याच महिन्यात नाहीत, सणासुदीला राखून ठेवलेले. वर्षाच्या मधल्या दिवसाला वारच नाही, त्यामुळे कुठलीही तारीख दरवर्षी त्याच वारी. भिंतीवरचं कॅलेंडर एकदा आणलं की जन्मभर पुरलं. राजाकडे नवं युग मोजायला लागले तरी शायरात जुनाच आकडा चालू राहिला. आपल्याकडेही तसंच: शिवाजी महाराजांनी १६७४ मध्ये राज्याभिषेक शक सुरू केला, तो दरबारी कागदांवर उमटत राहिला. गावचा जोशी पंचांग उघडायचा ते मात्र शालिवाहन शकाचंच.

तर शायरच्या हिशेबानं ३०१९ म्हणजे १४१९. त्याच वर्षी ३ नोव्हेंबरला युद्ध शायरच्या दारात येतं. मुलूख बळकावून बसलेल्या गुंडांशी बायवॉटरला लढाई होते, १९ हॉबिट मरतात. त्यांच्या नावांची यादी तिथल्या इतिहासकारांना तोंडपाठ असते. गावात झाडं तोडलेली, घरं पाडलेली. सॅम पेशानं माळी. त्याच्याजवळ एल्फ राणी गॅलाड्रिएलनं दिलेली एक डबी आहे, तिच्यात राणीच्या बागेतली माती आणि एक चंदेरी बी. जिथं चांगली झाडं पडली होती तिथं तो रोपं लावतो आणि प्रत्येकाच्या मुळाशी त्या मातीचा एकेक कण ठेवतो. उरलेली चिमूट मुलखाच्या मधोमध उभं राहून वाऱ्यावर सोडतो.

मग येतं १४२०. ऊन वेळेवर, पाऊस वेळेवर, आणि बार्ली अशी पिकते की त्या सालची बीअर बोलण्यात कायमची जाऊन बसते. पुढची पिढी आली तरी गुत्त्यावरचा एखादा म्हातारा पेला संपवून समाधानानं त्या सालाचंच नाव घेतो. अंगठीचं नाही, राजाचं नाही. आपल्याकडे ‘बहात्तर साल’ म्हटलं की सुकडी आणि खडी फोडणारी माणसं आठवतात. त्या साली आणखी काय घडलं ते पुस्तकात बघावं लागतं.

त्याच भरल्या वर्षात १३ मार्चला शेतकरी कॉटनला फ्रोडो, ती अंगठी आगीपर्यंत वाहून नेणारा हॉबिट, बिछान्यात पडलेला सापडतो, गळ्यातला पांढरा खडा मुठीत घट्ट धरलेला. वर्षापूर्वी याच तारखेला त्याला विषारी दंश झाला होता. सॅम झाडांच्या कामावर बाहेरगावी. २५ तारखेला तो परततो तोवर दुखणं ओसरलेलं असतं, आणि फ्रोडो त्याला काही सांगत नाही. ६ ऑक्टोबरला, जुन्या जखमेच्या तारखेला, पुन्हा तेच. टॉल्किन १९१६ मध्ये सोमच्या लढाईत होते, आणि पहिलं महायुद्ध संपेपर्यंत त्यांच्या जिवलग मित्रांपैकी एकच उरला होता. अशा तारखा त्यांना शोधाव्या लागल्या नसतील.

हा सालवार तपशील बराचसा परिशिष्टांत आहे, आणि त्या परिशिष्टांपायी तिसरा खंड रखडत ऑक्टोबर १९५५ मध्ये निघाला. ‘दोनच दिवस द्या’ म्हणणाऱ्या आमच्या लेखकांनी हे वाचून हुरळून जाऊ नये.

या अंकासाठी आलेल्या कथांत सिंहासनं इतकी होती की मांडायला मंडप पुरला नसता. लढाई संपल्यावर गावाचं काय झालं हे सांगणारी एकच निघाली. तिच्यात राजधानीहून विजयाची बातमी घेऊन जासूद येतो, आणि वेशीवरच्या बायका त्याला विचारतात, ‘आमचे बैल परत कधी देताय?’ ती आम्ही पहिली लावली आहे. तिच्यातला चंद्र दोनदा तपासला.