गेम्सचं कपाट आवरा!

सेलमध्ये घेतलेले गेम्स, फुकट मिळाले म्हणून पदरात पाडून घेतलेले गेम्स... मोजायला बसलात तर शंभरी सहज ओलांडेल. आणि खेळलेले? जेमतेम दहा! स्टीम २००३ पासून आहे, गॉग २००८ पासून. डिसेंबर २०१८मध्ये एपिकचं दुकान उघडलं आणि फुकट गेम्सची चटकच लागली. मग एकच गेम दोनदा घेतला जातो, यात नवल ते काय!

उपाय एकदम सोप्पा. विंडोजवर 'प्लेनाइट' हे मोफत सॉफ्टवेअर टाका, सगळी अकाउंट्स जोडा. सगळे गेम्स एका यादीत हजर! मग गट पाडा: 'अर्ध्या तासाचे', 'वीकेंडचे', 'दोस्तांसोबतचे'. नकोत ते लपवून टाका.

पण यादीत दिसतं ते सगळं तुमचं नसतं, बरं का! स्टीमवर मिळतं ते फक्त लायसन्स. ऑक्टोबर २०२४पासून पैसे भरतानाच तसं लिहिलेलं दिसतं. २०१४च्या 'द क्रू'चे सर्व्हर युबिसॉफ्टने ३१ मार्च २०२४ला बंद केले आणि पैसे मोजलेल्यांनाही तो खेळता येईना. म्हणून गॉगवरच्या लाडक्या गेम्सचे ऑफलाइन इन्स्टॉलर उतरवून वेगळ्या हार्ड डिस्कवर ठेवा.

आणि हो, अकाउंट ऑफिसच्या ईमेलवर असेल तर आजच बदला. नोकरी बदललीत आणि पासवर्ड विसरलात, तर अख्खं कपाट कुलूपबंद! नव्या सेलचं नंतर बघू.