इंग्रजीचे सर, मराठीचे कवी



शारजातला आमचा मराठीचा वर्ग पूर्वी शुक्रवारी सकाळी भरायचा. २०२२ साली इथल्या सुट्ट्या बदलल्या, तेव्हापासून तो शनिवारी भरतो. बाकी सारं तेच. कुणाच्या तरी दिवाणखान्यातले सोफे भिंतीला सरकवायचे, सतरंजी अंथरायची, पोहे ज्याच्या त्याच्या पाळीने. बदलली ती फक्त पटसंख्या. मागच्या सहामाहीत तीन मुलं कमी झाली. "आधी इंग्रजी पक्कं होऊ दे हो, मग मराठी बघू," असं एका आईने सांगितलं. तिला बोल कसा लावणार? शाळेत इंग्रजी, वर सक्तीचं अरबी, जोडीला हिंदी. आणि खरं सांगायचं तर आम्हीसुद्धा घरी पोरांवर चिडतो ते इंग्रजीतच!

त्या शनिवारी 'एटू लोकांचा देश' वाचून झालं. मुलं हसून हसून लोळली. मग कवीची ओळख सांगितली, की हे विंदा करंदीकर, कॉलेजात प्रोफेसर होते.

"मराठीचे?" नऊ वर्षांच्या एका चिमुरडीने विचारलं.

"नाही, इंग्रजीचे."

"इंग्लिश येत होतं, तर मग मराठीत का लिहिलं?"

आम्ही मोठी माणसं एकमेकांकडे बघत बसलो. कुणी तरी "पोहे गार होताहेत" म्हणालं आणि वेळ निभावली. प्रश्न मात्र आमच्याबरोबर घरी आला.

गोविंद विनायक करंदीकर जन्मले २३ ऑगस्ट १९१८ ला, आजच्या सिंधुदुर्ग जिल्ह्यातल्या धालवली गावी. शिक्षण कोल्हापूरला. पुढे मुंबईत शीवच्या एस.आय.ई.एस. कॉलेजात त्यांनी इंग्रजी शिकवलं. म्हणजे ज्या भाषेच्या धास्तीने आपण मुलांना मराठीच्या वर्गातून काढतो, त्याच भाषेवर या गृहस्थाची चूल पेटत होती. आणि त्याच काळात 'स्वेदगंगा' (१९४९), 'मृद्‌गंध' (१९५४), 'ध्रुपद' (१९५९), 'जातक' (१९६८) असे एकामागून एक संग्रह येत होते.

पण आम्हाला जास्त नवल वाटतं ते त्यांच्या दुसऱ्या कामाचं. अ‍ॅरिस्टॉटलचं काव्यशास्त्र त्यांनी १९५७ साली मराठीत आणलं, १९६५ ला गटेचा 'फाउस्ट', १९७४ ला शेक्सपिअरचा 'राजा लिअर'. इंग्रजी सुनीत घेतलं आणि त्याचं 'मुक्त सुनीत' करून टाकलं. दुसरीकडे तबल्याच्या ठेक्यांवरून 'तालचित्रं' रचली, ज्ञानेश्वरांच्या 'अमृतानुभवा'ला आजच्या मराठीत आणलं. पंच्याऐंशीच्या घरात असताना 'अष्टदर्शने' लिहिलं. त्यात देकार्त, स्पिनोझा, कांट अशी सात पाश्चात्य मंडळी, आणि त्यांच्या पंक्तीला आपला चार्वाक! पुढे २००३ सालचं ज्ञानपीठ त्यांना मिळालं. खांडेकर आणि कुसुमाग्रज यांच्यानंतर मराठीतले ते तिसरे.

परदेशी गेलेला माणूस सुट्टीत घरी येताना बॅग भरून आणतो ना, तसं हे. फरक इतकाच, की आपल्या बॅगेतला खजूर आठ दिवसांत संपतो.

विंदांचा आवाज ऐकायचा योग आम्हाला आला नाही. वसंत बापट, मंगेश पाडगावकर आणि ते, अशा तिघांनी मिळून गावोगाव काव्यवाचनं केली. तिघांनीही कॉलेजात शिकवलेलं, तेव्हा शेवटच्या बाकापर्यंत आवाज पोचवायची सवय होतीच! त्या तिघांपैकी दुबईत २०१० साली भरलेल्या विश्व मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष होते पाडगावकर. बापट २००२ मध्येच गेले होते. आणि त्याच २०१० साली, १४ मार्चला, विंदा गेले. पाडगावकरही २०१५ च्या डिसेंबरात गेले. आता या तिघांच्या कविता मुलांच्या कानावर घालायच्या तर आवाज आपलाच लावावा लागणार.

तर पुढच्या शनिवारी आम्ही त्या चिमुरडीला उत्तर दिलं नाही, कामाला लावलं. वर्गातल्या प्रत्येकाने शाळेतलं एक इंग्रजी गाणं निवडायचं आणि मराठीत करून आणायचं. विंदा सरांनी 'लिअर' केला, तुम्ही तुमच्या जोगतं करा, असं सांगितलं. तिने हम्प्टी डम्प्टी घेतला, आणि पहिल्याच शब्दाला अडली. त्याला मराठीत म्हणायचं काय? आईला सुचेना, बाबांना सुचेना. मग चिपळूणला आजीला फोन लावला. आजी म्हणाली, "अगं, अंडोबा म्हण!" पुढे तो भिंतीवरून पडला, आपटला की गडगडला, यावर दोघींचं बराच वेळ एकमत होईना. आई सांगत होती, एरवी "कशी आहेस, जेवलीस का" एवढ्यावर संपणारा फोन त्या दिवशी पाऊण तास चालला.