अनोळखी देणगी : ‘असू दे’ म्हणून सोडू नका

कार्डाच्या स्टेटमेंटवर कुठल्याशा ‘फाउंडेशन’च्या किंवा ‘ट्रस्ट’च्या नावाने शंभर-दीडशे रुपये गेलेले दिसतात. नाव ओळखीचे वाटत नाही, देणगी दिल्याचे आठवत नाही. अशा वेळी बहुतेक घरांत एकच वाक्य निघते, ‘असू दे, चांगल्या कामालाच गेले ना!’ रक्कम लहान आणि कारण पुण्याचे, मग एवढ्यासाठी बँकेत खेटे कोण घालणार? माझी कळकळीची विनंती आहे, की या वाक्यावर विषय संपवू नका. तेच पैसे एखाद्या दुकानाच्या नावाने गेले असते, तर तुम्ही चौकशी केली असती. देणगीच्या नोंदीची चौकशी त्याहून लवकर करायला हवी. ती का, ते आधी सांगतो.

चोरांच्या हाती कार्डांचे नंबर येतात ते गठ्ठ्याने. त्यांतली कोणती कार्डे चालू आहेत आणि कोणती बंद झाली, हे त्यांना ठाऊक नसते. ते तपासायला अशी जागा लागते, जिथे कितीही लहान रक्कम चालते, माल घरी पोचवायचा नसल्यामुळे पत्त्याची गरज पडत नाही आणि फारशी विचारपूसही होत नाही. सेवाभावी संस्थांची देणगीची पाने नेमकी अशी असतात. देणाऱ्याला त्रास होऊ नये, म्हणून त्यांनी ती मुद्दाम सोपी ठेवलेली असतात. चोर तिथे एक-दोन डॉलर देऊन पाहतो. पैसे गेले म्हणजे कार्ड चालू आहे. मग त्याच कार्डावर मोठी खरेदी होते, किंवा तो नंबर पुढे विकला जातो. संस्थेला यातले काहीच माहीत नसते. म्हणजे तुम्ही ज्याला दानधर्म समजून सोडून देता, ती पुढच्या चोरीची चाचणी असू शकते.

आपल्या देशात ऑनलाइन व्यवहाराला सहसा ओटीपी लागतो. अनेक परदेशी संकेतस्थळांवर मात्र तो विचारलाच जात नाही. म्हणून स्टेटमेंटवर परदेशी चलनातली छोटी देणगी दिसली आणि ती तुमची नसेल, तर तिला धोक्याची घंटा समजा.

अशी नोंद दिसली, की पहिले काम म्हणजे बँकेच्या ॲपमध्ये जाऊन कार्ड तात्पुरते बंद करणे. याला मिनिटभर लागतो, आणि शंका खोटी ठरली तर कार्ड तिथूनच पुन्हा चालू करता येते. मग शांतपणे शोध घ्या.

आता ती ओळ नीट वाचा. तारीख पाहा. कार्ड वापरल्याचा दिवस आणि रक्कम खात्यात नोंदल्याचा दिवस यांत दोन-तीन दिवसांचे अंतर असू शकते, त्यामुळे आदल्या दोन-चार दिवसांचेही आठवून पाहा. पुढे नाव असते, पण जागा कमी म्हणून ते अर्ध्यावर तुटते. कधी संस्थेऐवजी पैसे गोळा करून देणाऱ्या कंपनीचे नाव दिसते. रेझरपे, पेयू, सीसीॲव्हेन्यू, बिलडेस्क या अशाच कंपन्या. कधी संस्था लोकांत एका नावाने ओळखली जाते आणि कागदोपत्री तिचे नाव वेगळेच असते. वृद्धाश्रमाला गावभर ‘आनंदाश्रम’ म्हणतात, पण त्याचा ट्रस्ट संस्थापकांच्या वडिलांच्या नावाने नोंदलेला असतो. नावाशेजारचे शहरही मुख्य कार्यालयाचे असू शकते. रक्कम परदेशी चलनातली असेल, तर तिच्याबरोबर चलनबदलाचा आकार आणि त्यावरचा जीएसटी दिसतो, तेही टिपून घ्या. त्या दिवशीचे एसएमएस आणि ईमेल उघडा. खरी संस्था बहुधा लगेच पावती पाठवते.

मग घरात विचारा. कार्ड एकाच्या नावावर असते, पण वापरणारे चौघे असतात. मुलाच्या फोनवर ते जोडलेले असते, बायकोकडे त्याच खात्याचे ॲड-ऑन कार्ड असते. विचारताना आवाज चढवू नका. ‘आई, तुम्ही देवस्थानाला अभिषेकाचे पैसे ऑनलाइन भरलेत का?’ असे सुनेने सहज विचारले, तर सासूबाई सरळ सांगतील. ‘माझ्या कार्डाला कोणी हात लावला?’ असा दरडावून प्रश्न आला, तर खरे उत्तर मिळणार नाही, आणि तुम्ही घरातल्याच देणगीची तक्रार बँकेकडे कराल.

स्वतःलाही दोन गोष्टी विचारा. पहिली, दरमहा देणगीला आपण कधी होकार दिला होता का? मॉलमध्ये किंवा स्टेशनबाहेर हातात टॅब घेतलेली मुले-मुली भेटतात, अनाथ मुलांचे फोटो दाखवतात. आपण हळहळतो आणि कार्डाचा तपशील देतो. ती देणगी एकदाच द्यायची होती की दरमहा, हे घाईत लक्षात राहत नाही. रिझर्व्ह बँकेच्या नियमांनुसार अशा आवर्ती वजावटीची नोंदणी करताना ओटीपी लागतो. पुढे १५,००० रुपयांपर्यंतचा हप्ता दरवेळी ओटीपी न मागता जाऊ शकतो, पण पैसे जाण्याच्या किमान २४ तास आधी बँकेने तुम्हाला कळवायचे असते. तो संदेश जाहिरात समजून पुसला गेला असेल. दरमहा देणे आता नको असेल, तर बँकेच्या ॲपमध्ये ई-मँडेट किंवा स्टँडिंग इन्स्ट्रक्शन या ठिकाणी जाऊन ते रद्द करा आणि संस्थेला तसे कळवा. मात्र ही फसवणूक झाली असे बँकेला सांगू नका. तुम्ही स्वतः दिलेला होकार विसरलात, म्हणून संस्थेला परतावा आणि वर दंड सोसावा लागू नये.

दुसरी गोष्ट, तिकीट किंवा सामान ऑनलाइन घेताना बिलात देणगी आपोआप जोडली गेली होती का? कधी चौकटीत आधीच खूण केलेली असते आणि आपण न पाहता पुढे जातो. ३० नोव्हेंबर २०२३ रोजी केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने फसव्या मांडणीच्या १३ प्रकारांना मनाई करणारी मार्गदर्शक तत्त्वे काढली. ग्राहकाच्या संमतीशिवाय बिलात जादा वस्तू, सेवा किंवा धर्मादाय देणगी घुसवणे हा त्यांतलाच एक प्रकार आहे. त्यामुळे दहा रुपये असले तरी ते परत मागायला संकोच करू नका. कंपनीने दाद दिली नाही, तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या क्रमांकावर तक्रार करा.

एवढे करूनही देणगी कुणाची हे कळले नाही, तर ती तुमची नाही असे धरा आणि त्याच दिवशी बँकेला कळवा. फोन कार्डाच्या मागे छापलेल्या क्रमांकावरच करा. इंटरनेटवर शोधून सापडलेल्या ‘कस्टमर केअर’ क्रमांकांत भामट्यांचे क्रमांक बेमालूम मिसळलेले असतात. कार्ड कायमचे ब्लॉक करून नव्या नंबराचे मागा, कारण जुना नंबर आता चोराकडे आहे. तक्रार क्रमांक घेतल्याशिवाय फोन ठेवू नका. मग लगेच ईमेल पाठवा किंवा शाखेत अर्ज द्या आणि पोच घ्या. मजकूर एवढा पुरे :

‘माझ्या अमुक शेवटच्या चार आकड्यांच्या कार्डावर अमुक तारखेला अमुक नावाने अमुक रक्कम गेली आहे. हा व्यवहार मी किंवा माझ्या कुटुंबीयांनी केलेला नाही. मला त्याची सूचना अमुक तारखेला मिळाली. फोनवर तक्रार नोंदवली असून तिचा क्रमांक अमुक आहे. कार्ड बंद करावे, रक्कम परत जमा करावी आणि या अर्जाची पोच द्यावी.’

पूर्ण कार्ड नंबर, पिन, सीव्हीव्ही यांपैकी काहीही अर्जात लिहू नका.

घाई करा म्हणतो, त्याला नियमाचा आधार आहे. रिझर्व्ह बँकेने ६ जुलै २०१७ रोजी काढलेल्या परिपत्रकानुसार, चूक ग्राहकाची नाही आणि बँकेचीही नाही अशा फसवणुकीत सूचना मिळाल्यापासून कामकाजाच्या तीन दिवसांत कळवले, तर ग्राहकाला काहीही भुर्दंड नाही. सूचना मिळाल्याचा दिवस यात धरत नाहीत. चार ते सात दिवस लावले, तर नुकसानीचा काही भाग तुमच्यावर येतो. साध्या बचत खात्यासाठी आणि पाच लाखांपर्यंत मर्यादा असलेल्या क्रेडिट कार्डासाठी तो जास्तीत जास्त १०,००० रुपये. सात दिवसांनंतर मात्र बँकेच्या धोरणावर भिस्त. तक्रार आल्यावर बँकेने कामकाजाच्या दहा दिवसांत रक्कम तात्पुरती जमा करायची असते आणि ९० दिवसांत निकाल लावायचा असतो. दोष ग्राहकाचा होता हे सिद्ध करण्याची जबाबदारी बँकेची आहे. सहकारी बँकांनाही त्याच वर्षी डिसेंबरमध्ये असेच नियम घालून दिले गेले, तेव्हा खाते गावच्या नागरी बँकेत असले तरी हक्क सांगा. ओटीपी किंवा पिन आपणच कुणाला दिला असेल, तर कळवेपर्यंतचे नुकसान आपले. पण कळवल्यानंतर जे जाईल ते बँकेचे. म्हणून चूक झाली असली तरी लाजेपोटी गप्प राहू नका.

क्रेडिट कार्ड असेल, तर आणखी एक लक्षात ठेवा. फसवणूक म्हणून हरकत घेतलेल्या रकमेवर वाद मिटेपर्यंत कोणताही आकार लावता येत नाही. बाकीचे बिल मात्र वेळेवर भरा. संपूर्ण बिल अडवून धरले, तर व्याज आणि दंड मागे लागतील.

एकापाठोपाठ रकमा जात असतील, तर बँकेबरोबर १९३० या सायबर हेल्पलाइनलाही फोन करा, किंवा राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर तक्रार नोंदवा. पैसे चोराच्या खात्यातून पुढे सरकण्याआधी ते गोठवता येण्याची शक्यता पहिल्या काही तासांतच जास्त असते. बँकेने ३० दिवसांत उत्तर दिले नाही किंवा उत्तर पटले नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे विनाशुल्क तक्रार करता येते. माहितीसाठी १४४४८ हा क्रमांक आहे. बँकेकडे आधी लेखी तक्रार केलेली असणे इथे आवश्यक असते, म्हणूनच मघाशी पोच घ्या म्हटले.

आता दुसऱ्या सापळ्याबद्दल. काही दिवसांनी फोन येऊ शकतो, ‘आम्ही संस्थेतून बोलतोय, तुमची देणगी चुकून कापली गेली, परत करायची आहे.’ समोरचा अदबीने ‘काका’, ‘मावशी’ म्हणतो, मग ओटीपी मागतो, एखादे ॲप उतरवून घ्यायला सांगतो किंवा यूपीआयचा पिन टाकायला लावतो. पैसे घ्यायला पिन लागत नाही, तो फक्त द्यायला लागतो. आणि खरा परतावा ज्या कार्डावरून पैसे गेले त्याच कार्डावर येतो. संस्थेशी बोलायचे असेल, तर तिच्या अधिकृत संकेतस्थळावरचा क्रमांक स्वतः शोधून तुम्ही फोन करा. तेव्हा सौजन्याने बोला. तुमच्याइतकीच तीही फसलेली असू शकते, आणि तुम्ही सांगितले तर आणखी अशा देणग्या तिच्या लक्षात येतील.

पुढे असे होऊ नये म्हणून एक सोय आजच वापरा. रिझर्व्ह बँकेने २०२० च्या आदेशाने कार्डाचा ऑनलाइन आणि परदेशी वापर चालू-बंद करण्याची आणि मर्यादा ठरवण्याची मुभा ग्राहकाच्या हाती दिली आहे. परदेशी व्यवहार करत नसाल, तर तो वापर बंदच ठेवा. ऑनलाइन खरेदीची मर्यादा घरखर्चाला पुरेल एवढीच ठेवा. बँकेकडे आपला चालू मोबाइल क्रमांक नोंदलेला आहे ना, हेही पाहा. निवृत्त आईवडिलांच्या बाबतीत तो अनेकदा जुनाच राहिलेला असतो.

संस्थांच्या विश्वस्तांनाही माझे सांगणे आहे. देणगीदाराच्या स्टेटमेंटवर आपले नाव ओळखू येईल असे दिसते का, ते पैसे गोळा करणाऱ्या कंपनीकडून तपासून घ्या. ‘एकदाच’ आणि ‘दरमहा’ हे पर्याय ठळक लिहा. रुपया-दोन रुपयांच्या देणग्या भराभर येऊ लागल्या तर पान थांबवून चौकशी करा. गणपतीची वर्गणी घ्यायला आलेली मुले पावती फाडून हातात देतात, तितकी साधी शिस्त ऑनलाइन देणगीतही पाळली, तर कुणाला शंका यायचे कारण उरणार नाही.

आणि वाचकहो, या सगळ्यामुळे देणे थांबवू नका. पूर आला, दुष्काळ पडला, कुणाच्या लेकराचे ऑपरेशन अडले, तर आपला हात पुढे यायलाच हवा. पण कोणाला द्यायचे आणि किती द्यायचे, हे तुम्ही ठरवा. तुमच्या नकळत गेलेल्या पैशाला दान म्हणू नका, तो पैसा परत मागा. आज संध्याकाळी घरातल्या सगळ्यांच्या कार्डांची गेल्या तीन महिन्यांची स्टेटमेंट एकत्र बसून वाचा, आणि न ओळखलेली एकही देणगी चौकशीवाचून सोडू नका.