पावतीवर नाव कोणाचं?

गेल्या महिन्यात आमच्या पेठेतल्या एका किराणा दुकानापुढे ट्रक लागला. तांदळाची दीडशे पोती. दुकानातली तीन पोरं फाळका पाडून पाठ द्यायला उभी राहिली, तेवढ्यात मोटारसायकलवरून दोघे आले. पोत्याला त्यांनी हात लावला नाही, फाळक्यावर ठेवला. "तुमची पोरं उतरवतायत तर उतरवू द्या शेठ, पण आमची वाराई ठेवा." घासाघीस झाली, पैसे दिले गेले. शेठनी पावती मागितली, तीही मिळाली. तिच्यावर झेंडा होता, मोबाइल नंबर होता, एकजुटीची घोषणा होती. माथाडी मंडळाचं नाव मात्र कुठे नव्हतं.

अशा पावत्यांवरून कोर्टकचेऱ्या चालू असतात आणि दोन्ही पक्ष १९६९च्या माथाडी कायद्याकडे बोट दाखवतात. तो कायदा ज्या अडचणीतून आला ती साधी होती. हमाल सकाळी एका गाळ्यावर, दुपारी दुसऱ्या. पन्नास व्यापाऱ्यांचं ओझं वाहणाऱ्याला मालक एकही नाही. पाठ गेली, हात मोडला, तर दार कोणाचं ठोठवायचं? अण्णासाहेब पाटलांनी मुंबईच्या बाजारात हे लोक एकत्र केले आणि त्यातून कायदा झाला. मालक सापडत नाही ना, मग मध्ये मंडळ बसवा. त्यावर मालक, कामगार आणि सरकार, तिघांचीही माणसं. व्यापाऱ्यानं नोंदणी करायची, मजुरी आणि तिच्यावरची लेव्ही मंडळात भरायची. मजुरी मंडळाकडून हमालाला, आणि लेव्हीतून त्याचा भविष्यनिर्वाह निधी, उपदान, बोनस, रजेचा पगार.

या सगळ्या रचनेत फाळक्यावर हात ठेवून रोकड घेणाऱ्याला जागाच नाही. कायदा ओळखतो ती मंडळाची नोंदणी. युनियनचं ओळखपत्र खिशात असलं म्हणून परक्या पोत्यावर हक्क लागत नाही. हे खऱ्या माथाडी नेत्यांना आपल्यापेक्षा चांगलं ठाऊक आहे, कारण या भुरट्यांमुळे बदनाम होतो तो त्यांचा झेंडा.

पण व्यापाऱ्यांचं रडगाणंही अर्धंच ऐकावं. कोर्टात त्यांचं ठरलेलं म्हणणं असतं: ही पोरं आमची पगारी माणसं आहेत, 'असंरक्षित' नाहीत, सबब कायदा आम्हाला लागू नाही. या एका शब्दाचा कीस उच्च न्यायालयात किती वेळा पडला असेल! वास्तविक अशा शंकेसाठी कायद्यातच कलम ५ आहे. योजना लागू आहे की नाही, हे सरकारनं सल्लागार समितीला विचारून ठरवायचं. कलम २२ तर त्याहून उदार. हमालांना योजनेपेक्षा कमी मिळत नसेल, तर मालकाला सूटही मिळू शकते. अट एकच, तसं दाखवता आलं पाहिजे. पगारी म्हणवल्या जाणाऱ्या किती पोरांचं नाव हजेरीपटावर असतं आणि किती जणांचा फंड कापला जातो, हे पेठेत कोणीही सांगेल.

केरळचं उदाहरण आपल्याकडे चवीनं दिलं जातं. तिथं 'नोक्कुकूली' म्हणतात, नुसतं बघत उभं राहण्याची मजुरी. १ मे २०१८ पासून तिथल्या सरकारनं ती बंद केली, तरी २०२१ मध्ये तिरुवनंतपुरमजवळ थुंब्याच्या अवकाश केंद्राकडे निघालेली अवजड सामग्री याच मागणीपायी अडवली गेली आणि उच्च न्यायालयानं खडसावलं. एवढं सांगून आपले व्यापारी थांबतात. दुकानदाराला स्वतःचे हमाल ठेवता येतात, पण त्यांची रीतसर नोंदणी करून, हा तिथलाच पुढचा भाग ते सांगत नाहीत.

वाहतूकदारांची घोषणा आहे, 'ज्याचा माल त्याचा हमाल'. ऐकायला चोख. पण बाजार समितीच्या आवारात ट्रॅक्टरमधला कांदा कोणाचा? लिलाव पुकारेपर्यंत शेतकऱ्याचा, पुकारल्यावर व्यापाऱ्याचा, आणि उतरवायचा असतो तो नेमका या दोहोंच्या मध्ये. हमाली, तोलाई, वाराई शेतकऱ्याच्या पट्टीतून कापायची की नाही आणि लेव्ही कोणी भरायची, यावरून एप्रिल २०२४ मध्ये नाशिक जिल्ह्यातले लिलाव बंद पडले. व्यापारी आणि माथाडी एकमेकांकडे बोट दाखवत राहिले. कांदा तापला तो शेतकऱ्याच्या खळ्यात.

आमच्या शेठना मी विचारलं, "मंडळात नोंदणी केलीय का?" पावतीची घडी घालून त्यांनी ती काउंटरच्या काचेखाली सरकवली. "काका, तिथं एकदा नाव घातलं की महिन्याच्या महिन्याला लेव्ही. यांचं काय, गाडी आली तर."

पोरांनी तोवर मागच्या खोलीत छतापर्यंत थप्पी लावली होती. शेठनी त्यांच्यासाठी तीन कटिंग सांगितले.