सोमेश्वराचे सुंठक आणि आमचे सोवळे

मराठीला ३ ऑक्टोबर २०२४ रोजी अभिजात भाषेचा दर्जा मिळाला आणि आमच्या सीमाभागात ‘मानसोल्लास’ या ग्रंथाचा भाव एकदम वधारला. सत्कार असो, ग्रंथदिंडी असो, भाषा गौरव दिन असो. वक्ता उठतो आणि सांगतो की आपल्या बसवकल्याणात, म्हणजे चालुक्यांच्या कल्याणात, तिसऱ्या सोमेश्वराने ११२९ च्या सुमारास हा संस्कृत ग्रंथ रचला आणि त्यात मराठी पदे घातली. महाराष्ट्रातल्या बायका कांडताना ओवी गातात ही नोंदही त्यातच आहे. टाळ्या पडतात. मीही वाजवतो. एम. ए. च्या परीक्षेपुरते एवढे आम्ही सगळ्यांनीच पाठ केले होते. पण टाळ्या वाजवणाऱ्यांपैकी किती जणांनी हा ग्रंथ उघडून पाहिला, हे आता विचारलेच पाहिजे, कारण त्याच्याच नावाने भरवलेल्या एका स्पर्धेत एका पोराचा निबंध बाजूला टाकला गेला आहे.

ग्रंथ काही दुर्मीळ नाही. बडोद्याच्या गायकवाड प्राच्य ग्रंथमालेत त्याचा पहिला खंड १९२५ सालीच छापून निघाला. पाच विंशती, शंभर अध्याय. त्यातल्या अन्नभोगाच्या प्रकरणात राजाने स्वयंपाकघरच मांडले आहे. आमच्या कन्नड बांधवांनी तिथून इडली उचलली, डोसा उचलला. आम्ही मांडे उचलले. ज्याने त्याने आपापल्या पंक्तीला शोभेल ते घेतले. पण त्याच प्रकरणात डुकराच्या मांसाची सविस्तर कृती आहे, ती मात्र कोणत्याच व्यासपीठावरून कानावर येत नाही. डुकरावर पांढरे वस्त्र पांघरून वरून उकळते पाणी ओतावे, म्हणजे केस हाताने निघतात. नाही तर अंगाला माती लिंपून गवताच्या जाळावर केस जाळावेत. मग ते विस्तवावर कडक होईपर्यंत भाजावे, तुकडे करावेत आणि मीठ-मिरे लावून पुन्हा परतावे. हे सुंठक. चरबीच्या ताडपत्रासारख्या पट्ट्या कापून दही-मसाल्याबरोबर खायच्या त्या चक्कलिका. ज्यांना हे किळसवाणे वाटत असेल त्यांनी एवढे आठवावे, की चालुक्यांचे राजचिन्ह वराह होते आणि दक्षिणेत सोन्याच्या नाण्यालाही वराह म्हणत. मुद्रेवर वराह चालतो, नाण्यावर चालतो. ताटात आला की पंक्ती उठतात.

आता निबंधाकडे येतो. २७ फेब्रुवारी २०२५ च्या भाषा गौरव दिनानिमित्त तालुक्यात एक निबंध स्पर्धा झाली. संस्थेचे नाव मी सांगणार नाही. माणसे भली आहेत आणि पदरमोड करून मराठीचे काम करतात. विषय होता ‘माझ्या घरचा पदार्थ’. तीन परीक्षकांत मी एक होतो. चाळीसेक निबंध आले. त्यांतल्या तीसेकांत पुरणपोळी, आणि त्याही एकाच साच्यातल्या: आई पहाटे उठते, घर दरवळते, आजी आशीर्वाद देते. एक निबंध मात्र निराळा होता. नववीतल्या मुलाने लिहिलेला, शीर्षक ‘मामाचा चायनीज मसाला’. मामा गोव्यात एका हॉटेलात चिनी पदार्थांच्या चुलीवर कामाला. तो सुट्टीत मंठाळला आला की डुकराचे मांस चिनी पद्धतीने मुरवून निखाऱ्यावर भाजतो, याचे त्यात वर्णन होते. क्रिया क्रमाने दिलेली, कुठेही ‘स्वादिष्ट’, ‘रुचकर’ असली भरती नाही. एक वाक्य मला अजून पाठ आहे: “गोड आधी जास्त लावलं तर वरून करपतं आणि आत कच्चं राहतं, म्हणून मामा काकवी शेवटी लावतो.” चौदा वर्षांच्या पोराने कार्यकारणभाव इतका नेमका मांडावा, यापरते मराठीच्या शिक्षकाला काय हवे?

सहपरीक्षक म्हणाले, “सर, अक्षर चांगलं, भाषा चांगली. पण हे बक्षीस समारंभात वाचून कसं दाखवायचं? व्यासपीठावर कोण कोण असणार आहे, बघा.” माझे एक मत, त्यांची दोन. पहिले बक्षीस पुरणपोळीला गेले.

तो मुलगा आमच्या शाळेचा नव्हे. पण घर गावातच, मातंग वस्तीत. उन्हाळ्यात मामा आला आहे असे कळले तेव्हा मी गेलो. निबंध खरा की कुठून उतरवलेला, एवढेही पाहायचे होते. मुलाची आई म्हणाली, “लेकरानं खरं तेच लिव्हलं सर. आमी रोज थोडंच खातो? पण खातो.” आणि मामाने माझ्यासमोर सगळे करून दाखवले.

एक किलो मांस खांद्याचे, चरबीची शीर असलेले. दोन बोटे जाड लांब पट्ट्या कापलेल्या. चार चमचे सोया सॉस, दोन चमचे काकवी, एक चमचा व्हिनेगर, दहा पाकळ्या लसूण आणि बोटभर आले वाटून. चिनी लोक लालीसाठी सोयाबीनचे आंबवलेले लाल पनीर घालतात. मामाने ब्याडगी मिरची भिजवून वाटली. आणि पंचमसाला. हा पंचमसाला म्हणजे काही जादू नव्हे: चक्रफूल, लवंग, चिनी दालचिनी, बडीशेप आणि सिचुआन मिरी. पहिले चार जिन्नस आमच्या काळ्या मसाल्याच्या डब्यातून निघतात आणि पाचवे कोकणातल्या तिरफळाचे सख्खे भावंड आहे. मांस मुरत ठेवायचे रात्रभर, पण गारव्यात. घरात फ्रीज नाही, म्हणून मामाने थर्माकोलच्या खोक्यात बर्फ भरून त्यात डबा ठेवला होता. मुरवण्याविषयीही तो शहाणपणाचे बोलला. मसाला आतपर्यंत जातो हा आपला समज. आत जाते ते मुख्यतः मीठ, आणि सोयात मीठ भरपूर असते. त्याने मांस पाणी धरून ठेवते, भाजताना वाळत नाही. बाकी सुगंध पृष्ठभागावरच राहतो. म्हणून पट्टी पातळ, म्हणजे पृष्ठभाग जास्त.

बाभळीचा कोळसा पांढरा पडल्यावर जाळी ठेवली. पट्ट्या उलटत राहायचे. पूर्ण शिजत आल्या की मगच ब्रशने काकवीचा हात, दोन वेळा. कडा काळसर झाल्या, वर लाखेसारखी चकाकी आली. मधला तुकडा कापून पाहिला. गुलाबी राहता कामा नये. उरलेला कच्चा मसाला वरून ओतू नये, उकळल्याशिवाय तर नाहीच, हेही त्याने भाच्याला बजावले. कँटनकडे याला चार सिऊ म्हणतात. काट्यावर अडकवून भाजलेले, एवढाच त्याचा अर्थ. मी दोन तुकडे खाल्ले. उत्तम होते. आमच्या घरात डुक्कर कधी शिजले नाही, हे वाचकांच्या माहितीसाठी.

मी म्हाताऱ्या आजीला विचारले, पूर्वी कसे करायचे? म्हणाली, गरम पाणी ओतून केस उपटायचे, नाही तर उसाच्या पाचटाचा जाळ करायचा. मग मीठ, हळद, लसूण. वाचकहो, सोमेश्वराच्या दोन्ही रीती! राजवाडा पडला, राजवंश गेला, पंडित गेले. कृती जिवंत राहिली ती या वस्तीत. अभिजाततेचा पुरावा मागायला दिल्लीला गेलेल्यांनी या चुलीपाशी दहा मिनिटे बसायला हरकत नव्हती.

आता आक्षेप पाहू. ‘चायनीज’ला तर कोणाचा आक्षेप नाही! सस्तापूर बंगल्यापाशी हायवेवर संध्याकाळी जा. लाल गाड्यांवर ड्रॅगन रंगवलेले, आणि ज्यांनी निबंध नाकारला त्यांचीच मुले तिथे मांचुरियन खात उभी असतात. ते मांचुरियन १९७५ साली मुंबईच्या क्रिकेट क्लब ऑफ इंडियात नेल्सन वाँग यांनी तयार केले असे सांगतात. चीनने ते पाहिलेलेही नव्हते. अजिनोमोटो जपानी, १९०८ साली इकेदा नावाच्या जपानी रसायनशास्त्रज्ञाने समुद्री शेवाळातून त्याची चव वेगळी काढली. आणि सोया? आमचे बीदर-लातूरचे काळे रान खरिपात सोयाबीनने भरलेले असते. बी तेलगिरणीत जाते, पेंड कोंबड्यांच्या खाद्यात जाते, आणि आम्ही गाडीवर जी स्वस्त बाटली ओततो तिच्यात बहुधा अम्लात शिजवलेल्या पेंडीचा अर्क आणि जळक्या साखरेचा रंग असतो. खरा सोया सॉस सोयाबीन-गहू बुरशीवर चढवून, मिठाच्या पाण्यात महिनोन्‌महिने आंबवून होतो. तर असे हे ‘चायनीज’ आम्हाला चालते. चीनच्या चुलीवरचा मुख्य जिन्नस मात्र चालत नाही. चिनी लिपीत ‘घर’ या अर्थाचे जे अक्षर आहे त्यात छपराखाली डुक्कर काढलेले आहे. गोव्याला सहलीला गेलो की सोरपोतेल चाखून येतो आणि चारचौघांत सांगतो; तिथे ते पोर्तुगीज असते ना! बाटा उतरवला तो फक्त आपल्याच गावच्या डुकरावर.

दुसरा आक्षेप: डुक्कर घाण खाते. खाते. पण घाण कोणाची? उघड्यावर बसणारी माणसे असतील तिथेच मोकाट डुकराच्या पोटात पट्टकृमीचे चक्र चालते. आणि एक गोष्ट डॉक्टर सांगतात ती सोवळ्याने नीट ऐकावी. अर्धे कच्चे डुक्कर खाल्ले तर पोटात जंत होतो; पण मेंदूत गाठी होऊन फेफरे आणणारा जो भयंकर प्रकार, तो या जंताच्या अंड्यांनी होतो, आणि ती अंडी माणसाच्या विष्ठेतून पाण्यावर, न धुतलेल्या कोथिंबिरीवर, वाढप्याच्या हातावर येतात. म्हणजे जन्मात मांसाला न शिवलेल्या माणसालाही तो होतो. उपाय शौचालय, साबण आणि बंदिस्त गोठ्यातले डुक्कर. नाक मुरडल्याने एकही अंडे मरत नाही.

तिसरा आक्षेप धर्माचा, आणि तो मी आदराने घेतो. आमच्या गावात मुसलमान आहेत, त्यांना डुक्कर हराम. लिंगायत आहेत, ते मांसालाच शिवत नाहीत. त्यांच्या ताटात काही वाढा असे मी म्हणत नाही आणि शाळेच्या आवारात हे शिजवा असेही म्हणत नाही. सोमेश्वरानंतर एकाच पिढीने याच कल्याणात बसवण्णांच्या शरणांनी मांसाहार नाकारला, हे खरेच. पण हरळय्याला त्यांनी पायरीवर उभे केले नाही. डिसेंबर २०२१ मध्ये बीदर-कलबुर्गीसह काही जिल्ह्यांतल्या शाळांत मुलांना अंडे सुरू झाले तेव्हाही काही मठांनी विरोध केला होता. न खाणाऱ्याला केळे दिले, खाणाऱ्याने अंडे खाल्ले, एकाच वऱ्हांड्यात. पुढे ते राज्यभर झाले आणि आज त्याचे कोणाला नवलही वाटत नाही. इथे तर खाण्याचाही प्रश्न नव्हता. लिहिण्याचा होता.

मराठवाड्यातल्या महार-मांग समाजांच्या अन्नावर शाहू पाटोळे यांनी ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ लिहिले ते २०१५ साली. तोवर मराठी खाद्यसंस्कृतीच्या नावाखाली जे छापले जाई त्यात या घरांचे ताट जवळजवळ नव्हतेच. ते पुस्तक आमच्या तालुक्यातल्या किती ग्रंथालयांत आहे हे ज्याने त्याने जाऊन पाहावे.

मला राग येतो तो वेगळ्याच कारणाने. सीमाभागातल्या मराठी शाळा आज कोणाच्या मुलांवर उभ्या आहेत? भाषणे करणाऱ्यांची नातवंडे बीदरला, हैदराबादला, पुण्याला इंग्रजीत शिकतात. माझ्या शाळेच्या हजेरीपटावर जी नावे आहेत ती ऊसतोड्यांची, हमालांची, वस्तीवरची. ती मुले मराठी लिहितात म्हणून आम्हाला मराठीचे शिक्षक म्हणून पगार आहे. या पोराला बक्षीस मिळाले नाही याचे त्याला वाईट वाटले नसते. पण निबंध का मागे पडला हे वर्गात फुटले आणि पोरे त्याला ‘चायनीज डुक्कर’ म्हणून हाका मारू लागली. जूनमध्ये बापाने दाखला काढला आणि कन्नड माध्यमात घातले. तिथे त्याला कोणी काय म्हणते ठाऊक नाही. बाप मला एवढेच म्हणाला, “तिकडं निदान आमच्या घरात काय शिजतंय ते कोणी लिव्हायला सांगत नाही, सर.”

मी बापाची आणि मुलाची परवानगी घेऊन तो निबंध आमच्या शाळेच्या यंदाच्या हस्तलिखितात घेतला आहे. मुलाने तो पुन्हा सुवाच्य अक्षरात उतरवून दिला. मात्र नाव घालू नका म्हणाला, म्हणून घातलेले नाही. अनुक्रमणिकेत तो चौथा आहे. त्याच्या आधीच्या पानावर अन्नभोगातली सुंठकाची कृती माझ्या मराठी गोषवाऱ्यासह दिली आहे. ज्यांना आक्षेप असेल त्यांनी दोन्ही पाने वाचून लेखी द्यावा. पुढच्या वर्षीच्या हस्तलिखितात तोही छापू.