जप्त वाहनांची सुनावणी व लेखी आदेशाबाबत निवेदन

प्रति,
मा. जिल्हाधिकारी साहेब

विषय : अवैध वाळू वाहतुकीच्या संशयावरून अडकवून ठेवलेल्या वाहनांबाबत सकारण आदेश व सुटका मिळणेबाबत.
संदर्भ : आमची यापूर्वीची निवेदने (पोच सोबत).

महोदय,

आम्ही खाली सह्या करणारे गोदाकाठच्या गावांतील ट्रॅक्टर व टेम्पोमालक. याच विषयावर यापूर्वी दिलेल्या निवेदनांच्या पोचा आमच्याकडे आहेत, उत्तर एकाचेही नाही.

नदी ओरबाडणाऱ्यांची बाजू आम्ही घेत नाही. रात्री पात्रात यंत्रे उतरवणाऱ्यांना जरूर पकडा. तळाला जाते ते आमच्याच विहिरींचे पाणी. आमची तक्रार वाहन अडवल्यानंतर जे चालते त्याबद्दल आहे.

वाहन तहसीलच्या आवारात लावले जाते आणि तिथेच राहते. पंचनाम्याची प्रत मागितली की तलाठी मंडळ अधिकाऱ्यांकडे पाठवतात आणि मंडळ अधिकारी फाइल गौण खनिज शाखेत असल्याचे सांगतात. जप्त वाहन 48 तासांत सक्षम अधिकाऱ्यासमोर हजर करण्याचे बंधन आपल्याला आम्ही सांगायला नको. दंड तोंडी कळतो : ट्रॅक्टरला 1 लाख, डंपरला 2 लाख, शिवाय वाळूच्या बाजारभावाच्या पाच पट. भरायची तयारी दाखवली तरी कागदावर काही येत नाही. लेखी आदेशच हाती नसेल तर अपील करायचे कशाविरुद्ध?

ज्यांना वकिलाची फी परवडते ते खंडपीठात जातात. वाहनाचा दंड ठरवण्याचा अधिकार तहसीलदारांचा नाही, या कारणावर उच्च न्यायालयाने आदेश रद्द केल्याची प्रकरणे आपल्या विधी शाखेला ठाऊक आहेत. तरी त्याच सहीचे आदेश पुन्हा निघतात. याचिका करणाऱ्याचे वाहन सुटते आणि त्याच्या शेजारी उभा ट्रॅक्टर तसाच राहतो. प्रत्येकाने त्याच मुद्द्यासाठी वेगळी याचिका करावी, असे प्रशासनाचे म्हणणे आहे का?

दरम्यान ट्रॅक्टर उन्हापावसात उभा आहे. बॅटरी गेली, डिझेल गेले, टायरला भेगा पडल्या, हायड्रॉलिकचे पाइप उंदरांनी कुरतडले. चोरीची तक्रार कोणी घेत नाही, कारण वाहन कोणाच्या ताब्यात आहे याचे उत्तर द्यायला कोणी तयार नाही. बँकेचा हप्ता मात्र दर महिन्याला येतो. ज्याच्या दारात ट्रॅक्टर होता त्याने यंदा पेरणी भाड्याच्या ट्रॅक्टरने केली. जप्त वाहने आवारात सडवू नयेत, बंधपत्रावर सोडावीत, हे सर्वोच्च न्यायालयाने सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात 2002 सालीच सांगितले आहे. ते प्रकरण पोलिसांच्या ताब्यातील मालमत्तेचे होते हे आम्ही जाणतो. पण तहसीलच्या आवारात पडणारा पाऊस काही वेगळा नसतो.

उन्हाळ्यातील बैठकीत, आपल्याच दालनात, सर्व सुनावण्या पेरणीपूर्वी संपवण्याचा शब्द दिला गेला. पेरणी झाली. मग पोळ्याची मुदत सांगितली, पोळाही गेला. आता आचारसंहितेचे कारण पुढे केले जाते. सुनावणी घेण्याच्या आड आचारसंहिता कशी येते, हे आम्हाला कोणी समजावून सांगितलेले नाही.

म्हणून मागणी अशी की, पंचनाम्याची प्रत जप्तीच्या जागीच मिळावी, म्हणणे मांडण्याची संधी देऊन सक्षम अधिकाऱ्याने सकारण लेखी आदेश द्यावा आणि जिथे अजून आदेशच नाही ती वाहने बंधपत्रावर तातडीने सोडावीत. प्रलंबित प्रकरणांच्या तारखा फलकावर लावाव्यात. पोळ्यासारखा तोंडी वायदा या वेळी नको.

घरकुलाच्या 5 ब्रास मोफत वाळूचा पास असलेली वाहने अडवू नयेत. क्रश सँड की नदीची वाळू, हे पंचनाम्याआधी तपासावे. आवारात रात्री पहारेकरी नेमावा.

15 दिवसांत लेखी तारखा न मिळाल्यास आम्ही कुटुंबांसह आपल्या कार्यालयासमोर बेमुदत उपोषणास बसू व खंडपीठात दाद मागू. होणाऱ्या परिणामांस प्रशासन जबाबदार राहील. ती वेळ येऊ देऊ नये, ही विनंती.

आपले,
गोदाकाठचे ट्रॅक्टर व टेम्पोमालक
(सह्यांची यादी सोबत)

प्रत माहितीस्तव : मा. विभागीय आयुक्त