मुख्य चित्रपटाआधीचा चित्रपट

१/ येवल्यातील जुन्या प्रेक्षकांना मुख्य चित्रपटाआधीचे सरकारी लघुपट आठवतात. त्यांचे दिग्दर्शक मात्र आठवत नाहीत. हातमागावर आयुष्य गेलेले माझे आजोबा तेवढ्या वेळात विडी ओढायला बाहेर जात. आपल्या चित्रपट-इतिहासानेही नेमके तेच केले, असे माझे मत आहे.

२/ १९४८ साली मुंबईत फिल्म्स डिव्हिजनची स्थापना झाली. तिचे लघुपट दाखवणे ही चित्रपटगृहांच्या परवान्याची अट होती. त्यांचे भाडेही चित्रपटगृहांनाच भरावे लागे. धरणे, शेती, कुटुंबनियोजन हे नेहमीचे विषय. पण साठच्या दशकाच्या उत्तरार्धात याच संस्थेत काही दिग्दर्शकांनी विलक्षण प्रयोग केले.

३/ प्रमोद पती यांचा ‘एक्स्प्लोरर’ (१९६८) पाहा. त्यात कथा नाही, निवेदनही नाही. नाचणारी तरुणाई, यंत्रे, धार्मिक प्रतिमा पापणी लवण्याआधी बदलतात. श्रद्धा आणि विज्ञान यांच्यामध्ये उभा असलेला तरुण काय शोधतो आहे, हा प्रश्न शब्दांवाचून समोर येतो. त्यांच्याच ‘ट्रिप’ (१९७०) मध्ये मुंबईची धावपळ क्षणभंगुरतेचे रूप घेते.

४/ याच सुमारास चित्रकार अकबर पदमसी यांनी ‘सिझिजी’ हा रेषा व आकृत्यांचा मूक लघुपट केला. त्यांच्या ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’ची मात्र एकमेव प्रत हरवली. जे कोणी जपत नाही, ते असे नाहीसे होते.

५/ ‘हे सामान्यांना कळणारे नव्हे’, हा आक्षेप मला मान्य नाही. सक्तीने रसिकता येत नाही, हे खरे. पण पैठणीचा पदर विणताना कारागीर एकेक रंगीत धागा मोजून भरतो. बराच वेळ धागेच दिसतात, मोर नंतर उमटतो. अर्थ उमटेपर्यंत थांबणे येवल्याला नवे नाही.

६/ गेल्या दिवाळीत आजोबांना मोबाईलवर ‘एक्स्प्लोरर’ दाखवला. ते शेवटपर्यंत पाहत राहिले आणि म्हणाले, “हे तेव्हा पण होतं?”

७/ २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजन राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आली. रिळे सरकारी संग्रहात आहेत. प्रेक्षकांच्या आठवणी मात्र घराघरांत विखुरल्या आहेत. आपल्या घरातील ज्येष्ठांना आजच विचारा आणि लिहून ठेवा. तोही इतिहासच आहे.